मेगापिक्सेल विचारता, चावी कोणाकडे ते विचारा

२०१९ पर्यंत माझ्या मोबाइलमध्ये अमळनेरच्या एकतीस घरांच्या ओसऱ्या दिसायच्या. कोणाचा ओटा, कोणाचं किराणा दुकान, एका जिनिंगचं गेट, दोन दवाखान्यांची बसायची जागा. चोरून बघत नव्हतो. कॅमेरे मीच बसवले होते. गिऱ्हाईक म्हणायचं, "मोबाइलवर ऑनलाइन करून द्या भाऊ," मग मी आधी माझ्या फोनवर चालू करून बघायचो, नंतर त्यांच्या. त्यांच्याकडे चित्र दिसलं की पैसे घ्यायचे आणि निघायचं. माझ्या फोनवरून काढायचं राहून जायचं. पासवर्डही सगळ्यांना एकच, म्हणजे उद्या "दिसत नाही" असा फोन आला तर डायरी धुंडाळायला नको. दुकानाचं नाव आणि पुढे १२३.

एका दुपारी जेवताना ॲपमध्ये भलत्याच नावावर बोट पडलं आणि ओट्यावर केस वाळवत बसलेल्या एक वहिनी दिसल्या. त्या घरात मी कितीदा चहा प्यायलोय. ताट तसंच ठेवून उठलो. दुसऱ्या दिवसापासून एकेका घरी जाऊन पासवर्ड बदलत सुटलो, त्यात तीन आठवडे गेले. निम्म्या लोकांना मी कशाला आलोय तेच कळेना. एक नाना तर म्हणाले, "तू देखस ते देख ना भो, आम्ही काय सोनं पुरी राह्यनूत का?"

तेव्हापासून एक गोष्ट सारखी डोळ्यांत येते. कॅमेरा घेताना माणसं किती मेगापिक्सेल विचारतात, रात्री दिसेल का विचारतात, रेकॉर्डिंग किती दिवस राहील विचारतात. चावी कोणाकडे राहणार, हे कोणी विचारत नाही. म्हणून हा लेख.

आधी गोंधळ दूर करू. गिऱ्हाइकाच्या तोंडी सगळं "वेबकॅम" किंवा सगळं "सीसीटीव्ही" असतं, पण वस्तू दोन आहेत. कॉम्प्युटरच्या स्क्रीनवर अडकवतो किंवा लॅपटॉपच्या पट्टीत बसवलेला असतो तो वेबकॅम. त्याला स्वतःचं डोकं नसतं. आतल्या चिपवर उजेड पडतो, चिप त्याचे बिंदू करते, बिंदू यूएसबीने कॉम्प्युटरकडे जातात. पुढे काय करायचं ते कॉम्प्युटर ठरवतो. ओट्यावरचा वायफाय कॅमेरा मात्र स्वतःच एक छोटा कॉम्प्युटर असतो. त्याच्यात प्रोसेसर, मेमरी आणि बहुतेक वेळा लिनक्स नावाची ऑपरेटिंग सिस्टिम असते. घरच्या नेटवर्कवर त्याला स्वतःचा पत्ता मिळतो आणि तुम्ही झोपलात तरी तो नेटवर बोलत असतो. पहिल्याची चावी तुमच्या कॉम्प्युटरमध्ये असते, दुसऱ्याची त्याच्या स्वतःच्या पोटात.

जगातला पहिला वेबकॅम कॉफीच्या किटलीवर होता. केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत ट्रोजन रूम नावाच्या खोलीबाहेर कॉफीचं यंत्र असे. दूरच्या खोल्यांतले लोक जिने चढून यायचे आणि भांडं रिकामं बघून परत जायचे. १९९१ मध्ये त्यांनी यंत्रासमोर कॅमेरा लावला आणि चित्र आपापल्या स्क्रीनवर आणलं. चित्र काळंपांढरं, १२८ बाय १२८ बिंदूंचं. तोवर तो फक्त इमारतीतल्यांसाठी होता. १९९३ मध्ये त्यांनी तो वेबवर टाकला आणि ती किटली जगभर प्रसिद्ध झाली. २२ ऑगस्ट २००१ ला कॅमेरा बंद झाला तेव्हा यंत्राचा लिलाव झाला आणि जर्मनीच्या डेर श्पीगलने ते ३,३५० पौंडांना घेतलं. एवढ्यात आपल्याकडे तेव्हा नवी मोटरसायकल आली असती, आणि वर बरेच पैसे उरले असते. असो. सांगायचं हे की १९९३ मध्ये कॅमेऱ्याचं काम तेच राहिलं, बघायची ती कॉफीच. बदललं ते फक्त दार.

बाजारात विकत मिळणारा पहिला नाव कमावलेला वेबकॅम म्हणजे १९९४ चा क्विककॅम. कनेक्टिक्स नावाच्या कंपनीचा, गोल चेंडूसारखा, करड्या रंगाच्या सोळा छटा दाखवणारा, किंमत सुमारे १०० डॉलर. १९९८ मध्ये लॉजिटेकने तो धंदाच विकत घेतला. पुढे लॅपटॉपमध्येच कॅमेरा यायला लागला आणि सुटा वेबकॅम कोपऱ्यात गेला. मग आला मार्च २०२०. माझ्या दुकानात दोन वर्षं धूळ खात पडलेले सात वेबकॅम एका आठवड्यात गेले. आठशेची वस्तू अडीच हजारांना मागितली तरी कोणी भाव करेना. शाळा सुरू झाल्यावर त्यातले तीन वेबकॅम "परत घेता का" म्हणत माझ्याकडेच आले.

आता सुट्या वेबकॅमचं गिऱ्हाईक वेगळं आहे. घरून नोकरी करणारी पोरं, शिकवण्या घेणारे, यूट्यूबवाले. त्यातही फोनच वेबकॅम म्हणून वापरायची सोय झाली आहे. ॲपलने २०२२ मध्ये मॅकला ती दिली, अँड्रॉइडच्या चौदाव्या आवृत्तीपासून काही फोनांत ती आलीच आहे. फोनची लेन्स आणि चिप स्वस्त वेबकॅमपेक्षा कितीतरी चांगली असते, त्यामुळे कोणी हजाराचा वेबकॅम मागितला तर मी आधी जुना फोन पडलाय का ते विचारतो. धंद्याचं नुकसान आहे, पण खरं तेच आहे.

मेगापिक्सेलबद्दल दोनच वाक्यं. १०८०पी म्हणजे १९२० बाय १०८०, सुमारे वीस लाख बिंदू, म्हणजे दोनच मेगापिक्सेल, आणि व्हिडिओ कॉलला ते पुरून उरतात. स्वस्त खोक्यावर "२५ मेगापिक्सेल" छापलं असेल तर चिप छोटीच असते, मधले बिंदू सॉफ्टवेअर अंदाजाने भरतं. खरा फरक उजेडाने पडतो. आपल्याकडे उन्हाळ्यात दार उघडं टाकून लोक दाराकडे पाठ करून बसतात. मागे भुसावळचं ऊन, पुढे माणूस. कॅमेरा उन्हाचा हिशेब करतो आणि माणसाचा कोळसा होतो. खुर्ची फिरवून तोंड दाराकडे करा, नवा वेबकॅम घ्यायची गरज उरत नाही.

आता भीतीकडे. "लॅपटॉपचा कॅमेरा कोणी चालू करू शकतं का?" करू शकतं, पण त्याला आधी लॅपटॉपमध्ये शिरावं लागतं. शिरायचा रस्ता बहुतेक वेळा आपणच देतो. पेनड्राइव्हवर फिरणारं फुकटचं क्रॅक सॉफ्टवेअर, बिलाच्या नावाने आलेली फाइल. तिच्या पोटातून दूरून हुकूम घेणारा प्रोग्राम येतो. तो फाइली बघतो, कीबोर्डवर काय दाबलं ते टिपतो, कॅमेराही चालू करतो. ब्लॅकशेड्स नावाचा असाच एक प्रोग्राम विकणाऱ्या-वापरणाऱ्यांवर २०१४ मध्ये एफबीआय आणि इतर देशांच्या पोलिसांनी कारवाई केली, तेव्हा शंभरांहून जास्त देशांतले पाच लाखांवर कॉम्प्युटर त्याच्या तावडीत सापडल्याचं निघालं. फोनवरही हेच चालतं. लग्नपत्रिका म्हणून व्हॉट्सॲपवर एपीके फाइल, म्हणजे फोनमध्ये ॲप बसवणारी फाइल, आली तर ती उघडायची नाही. पत्रिका फोटो म्हणून येते किंवा पीडीएफ म्हणून. तिला इन्स्टॉल करावं लागत नाही.

मग कॅमेऱ्याजवळचा बारीक दिवा? तो लागला म्हणजे कॅमेरा चालू, हे बहुतेक वेळा खरं. बहुतेक वेळा म्हणतो, कारण २०१३ मध्ये अमेरिकेच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या संशोधकांनी २००८ च्या सुमाराच्या मॅकबुकचा कॅमेरा दिवा न लावता चालू करून दाखवला होता. दिवा कॅमेऱ्याच्या विजेच्याच तारेवर असेल तर फसवता येत नाही. तो आतल्या चिपच्या प्रोग्रामवर सोपवला असेल तर प्रोग्राम बदलता येतो. जून २०१६ मध्ये मार्क झुकेरबर्गचा एक फोटो आला, त्यात मागच्या लॅपटॉपच्या कॅमेऱ्यावर चिकटपट्टी होती. लोक हसले. त्याच वर्षी एफबीआयचे तेव्हाचे प्रमुख जेम्स कोमी यांनीही आपण पट्टी लावतो असं सांगितलं.

पट्टी लावा, पण दोन गोष्टी ध्यानात ठेवा. पट्टी डोळा झाकते, कान उघडाच राहतो. मायक्रोफोन वेगळा असतो आणि बोलण्यात जे सापडतं ते चेहऱ्यात सापडत नाही. दुसरं, जाड प्लॅस्टिकची सरकपट्टी लावून लॅपटॉप मिटला तर स्क्रीन तडकू शकते. ॲपलने २०२० मध्ये तशी सूचनाच काढली होती. कागदाचा तुकडा बरा. सुटा वेबकॅम असेल तर प्रश्नच मिटला, वायर उपटा. विजेशिवाय बघणारा डोळा अजून कोणी बनवलेला नाही. फोनवर वरच्या कोपऱ्यात हिरवा ठिपका दिसला की कोणतं तरी ॲप कॅमेरा वापरतंय. तुम्ही कॉलवर नसाल आणि ठिपका असेल तर सेटिंगमध्ये जाऊन कॅमेऱ्याची परवानगी कोणाकोणाला आहे ते बघा. टॉर्चच्या ॲपला तुमची फोनबुक कशाला लागते, हा प्रश्न तिथे गेल्यावरच सुचतो.

लॅपटॉपचं एवढं पुरे, कारण खानदेशात खरी वाढ झाली ती दुसऱ्या भावंडाची, म्हणजे स्वतः नेटवर बोलणाऱ्या कॅमेऱ्याची. जळगावच्या सराफ बाजारात कॅमेरे होतेच. आता ते गावागावात आलेत. रावेर, यावल, चोपड्याकडे केळीच्या बागेत सोलरवर चालणारे सिमकार्डचे कॅमेरे लागतात. विहिरीवरची मोटर आणि केबल रातोरात जाते, तांबं काढून विकलं जातं, म्हणून. इथे एक हिशेब करून ठेवा. साधं १०८०पी चित्र सेकंदाला एक मेगाबिट धरलं तर तासाला ४५० एमबी आणि दिवसाला सुमारे ११ जीबी होतं. दिवसाला दोन जीबीच्या सिमवर ते अखंड चालणार नाही. म्हणून शेतातला कॅमेरा हालचाल झाली तरच जागा होईल असा लावतात. तेही केळीच्या पानांकडे तोंड करून नाही. वाऱ्याने पान हललं की याला चोर दिसतो, आणि शेतकऱ्याचा फोन रात्रभर वाजतो. घरच्या चार कॅमेऱ्यांचा हिशेबही असाच लागतो. दिवसाला ४३ जीबी, म्हणजे एक टीबीची हार्डडिस्क तीन आठवडे पुरेल. आणि रात्री चित्र पांढरं धूसर दिसायला लागलं तर मला बोलावण्याआधी झाडू घ्या. कोळी नेमका लेन्सजवळ जाळं विणतो, रात्रीच्या इन्फ्रारेड उजेडात ते धाग्याधाग्याने चमकतं. माझ्या निम्म्या तक्रारी कोळ्याच्या आहेत. उन्हाळ्यातल्या बाकीच्या तापमानाच्या. पत्र्याखाली लावलेला कॅमेरा दुपारी भाजून निघतो आणि स्वतःच बंद पडतो.

आता चावी. पुण्यात बसून मुलाला अमळनेरचा ओटा दिसतो कसा? घरचा राउटर म्हणजे जुन्या वाड्याचं दार समजा. बाहेरचा माणूस थेट आत येऊ शकत नाही, आतला बाहेर जाऊ शकतो. म्हणून कॅमेरा स्वतःच बाहेर पडतो, कंपनीच्या सर्व्हरपाशी जाऊन आपला नंबर सांगतो आणि थांबतो. मुलाचा फोन त्याच सर्व्हरकडे जाऊन तोच नंबर मागतो, पासवर्ड देतो. सर्व्हर दोघांची गाठ घालून देतो. म्हणजे दाराच्या चाव्या झाल्या तीन. कॅमेऱ्याखालच्या स्टिकरवरचा नंबर, पासवर्ड आणि ॲपचं खातं. लोक स्टिकरचा फोटो काढून घरच्या ग्रुपवर टाकतात. ग्रुपमध्ये पासष्ट जण.

जुनी पद्धत याहून वाईट होती. राउटरमध्ये भोक पाडून कॅमेरा थेट बाहेर उघडा करायचे. मीही केलंय. लोक म्हणतात, "अमळनेरमधला माझा कॅमेरा कोण शोधणार?" कोणी शोधत नाही. ते सगळेच नंबर तपासतात. इंटरनेटवरचे जुन्या पद्धतीचे पत्ते सुमारे ४३० कोटी आहेत. २०१३ मध्ये मिशिगन विद्यापीठातल्या संशोधकांनी एक साधन बनवलं, ते एका कॉम्प्युटरवरून हे सगळे पत्ते पाऊण तासात ठोठावून येतं. शोडान नावाचं शोधयंत्र २००९ पासून नेटवर उघडी पडलेली उपकरणं गोळा करून दाखवतं. चोर गल्लीत नाव शोधत फिरत नाही, प्रत्येक दार ढकलून बघतो. तुमचं ढकललं की उघडतं, एवढंच त्याला पुरतं.

२०१६ चं मिराई प्रकरण याच ढकलण्याचं. अमेरिकेतल्या तिघा पोरांनी एक प्रोग्राम लिहिला, मूळ भांडण काय, तर माइनक्राफ्ट खेळाच्या सर्व्हरांचं. प्रोग्राममध्ये ६२ जोड्यांची यादी होती. कारखान्यातून येणारं नाव आणि पासवर्ड, ॲडमिन-ॲडमिन छापाच्या. तेवढ्यावर जगभरचे लाखो कॅमेरे, डीव्हीआर म्हणजे कॅमेऱ्यांचं रेकॉर्डिंग ठेवणारे डबे, आणि राउटर त्यांच्या हातात आले. पुढे तो प्रोग्राम उघड्यावर आला आणि २१ ऑक्टोबर २०१६ ला अशाच कॅमेऱ्यांच्या झुंडीने डाइन या, संकेतस्थळांच्या नावावरून त्यांचा नेटवरचा पत्ता सांगणाऱ्या कंपनीवर एकाच वेळी विनंत्यांचा मारा केला. ट्विटर, नेटफ्लिक्ससारखी संकेतस्थळं अमेरिकेत तासन् तास बंद पडली. ज्यांच्या घरचे कॅमेरे यात होते त्यांना पत्ताही लागला नाही, त्यांचं चित्र व्यवस्थित दिसत होतं. गंमत अशी की मिराई फक्त तात्पुरत्या मेमरीत बसायचा, वीज गेली की पुसला जायचा. आपलं लोडशेडिंग इथे औषधच ठरलं असतं. पण पासवर्ड तोच असेल तर वीज आल्यावर काही मिनिटांत तो पुन्हा शिरायचा.

हे लांबचं वाटत असेल तर जवळचं घ्या. फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोटच्या एका प्रसूतिगृहातल्या तपासणीच्या खोलीतलं चित्रण टेलिग्रामवर विकलं जात असल्याचं उघड झालं. गुजरात पोलिसांनी पकडलेल्यांत आपल्या लातूर आणि सांगलीकडचेही होते. ती बातमी वाचून मी माझ्या दोन्ही दवाखान्यांत पुन्हा जाऊन आलो. तपासणीच्या खोलीत कॅमेरा नकोच, पासवर्ड कितीही भक्कम असो. जे चित्र निघालंच नाही ते कोणी विकू शकत नाही.

कायदा आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ ई सांगतं की संमतीशिवाय कोणाच्या खासगी अंगाचं चित्र टिपलं किंवा पसरवलं तर तीन वर्षांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. बाईला चोरून बघणं, टिपणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ खाली गुन्हा आहे. आणि एप्रिल २०२५ पासून केंद्राने सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सुरक्षेच्या चाचणीत पास होणं सक्तीचं केलंय. नवा कॅमेरा घेताना ती मान्यता दुकानदाराला विचारा. जुन्या कॅमेऱ्यांना मात्र कोणी विचारत नाही, आणि आपल्याकडे लागलेले बहुतेक जुनेच आहेत.

म्हणून फिटर काम संपवून उठायच्या आत त्याला थांबवा. पासवर्ड तुमच्या हाताने टाका, त्याला तोंड फिरवायला सांगा. तो रागावणार नाही, आणि रागावला तर दुसरा बघा. ॲपमध्ये "शेअर केलेले लोक" किंवा "डिव्हाइस" अशी यादी असते, तिथे त्याचा फोन उरलाय का ते बघून काढून टाका. ॲप अपडेट मागेल तेव्हा द्या, कॅमेऱ्याचं सॉफ्टवेअरही. जुना डीव्हीआर भंगारात देताना हार्डडिस्क काढून घ्या, तिच्यात तुमच्या घराचे शेवटचे तीन आठवडे असतात. खात्याला फोनवर कोड येणारी दुहेरी सोय असेल तर ती चालू करा. बाकी सारं दुय्यम.

एक राहिलं. काही वेळा कॅमेरा कोणी फोडत नाही, आपणच चालू करतो. व्हिडिओ कॉलवर खाकी कपड्यातला माणूस येतो, तुमच्या आधारवर पार्सल सापडलं म्हणतो, कॅमेरा बंद करायचा नाही आणि घरात कोणाला सांगायचं नाही असं बजावतो. याला डिजिटल अरेस्ट म्हणतात. असली अटक कोणत्याही कायद्यात नाही, पंतप्रधानांनी २७ ऑक्टोबर २०२४ च्या मन की बातमध्येही हे सांगितलं. फोन ठेवा आणि सायबर फसवणुकीची तक्रार घेणारा १९३० लावा. पैसे गेले असतील तर पहिल्या तासाभरात लावा, पुढच्या खात्यात जाण्याआधी ते अडवता येतात.

आमच्या मावशी पारोळ्याजवळच्या गावात एकट्या असतात. मावसभावाने पुण्याहून कॅमेरा पाठवला, मी बसवला, पासवर्ड त्याच्या हातात दिला, माझ्या फोनवरून काढलाही. महिन्याभराने त्याचा फोन आला. "दुपारी दोन ते चार काळं दिसतं रे. वायफायचा घोळ असेल, जाऊन ये ना." गेलो. वायफाय ठणठणीत होतं. खुंटीवर लहान बाळाचं लोकरी टोपडं टांगलेलं, नेमकं लेन्सच्या मापाचं. मी ते हातात घेतलं तशा मावशी म्हणाल्या, "दुपारले मी आडी पडस ना, तवय टाकी देस त्यान्हावर. पोऱ्या तठे पुनाले बशीसन माले देखस. मी काय सिनेमा शे का?"

चहा झाला. बाहेर येऊन भावाला फोन लावला. म्हटलं, वायफाय ठीक आहे, कॅमेराही ठीक आहे. ऊन फार आहे इकडे, दुपारी तापतो, दोन तास थंड व्हायला लागतात त्याला.